चालतंय

प्रिय ताई,

हाताने लिहिलेलं पाकीट बघून घाबरू नकोस. सगळे आहेत. फोनवर बोलायला लागले की आई भाजी निवडत निवडत जवळ येऊन बसते, आणि मग मी तुला काय सांगायचं ते तिच्या चेहऱ्याकडे बघून ठरतं. म्हणून कागद. अक्षर बघ, अजूनही ओळ वर चढत नाही. तू मला ‘पट्टी’ म्हणायचीस ते काही उगाच नव्हतं. बिस्किटाचे दोन तुकडे मी करायचे आणि आधी तू उचलायचा असा नियम होता, आणि तरी तुला कधी मोठा तुकडा मिळाला नाही. तो राग अजून गेला नसणार.

माझं काम काय, हे तू विचारतेस आणि दर वेळी विसरतेस. आज नीट सांगते, कारण पुढचं त्यावाचून कळायचं नाही. यंत्रांना भाषा आणि चित्रं शिकवणाऱ्या, हवामानाची अवाढव्य गणितं करणाऱ्या लोकांची माहिती आमच्या कंपनीत साठवलेली असते. त्यांचे संगणक ती अखंड वाचत असतात. वाचन जरा मंदावलं तरी त्यांचं काम खोळंबतं आणि आमचे फोन वाजू लागतात. मागे तू म्हणाली होतीस, म्हणजे तू गोदाम सांभाळतेस. तसंच समज. थंडगार, बिनखिडक्यांचं गोदाम. पंख्यांचा आवाज इतका, की निम्मं बोलणं खुणांनीच होतं.

माहिती असते डिस्कवर. डिस्क बिघडणार हे आम्ही धरूनच चालतो, म्हणून त्यांचे गट केलेले असतात. एक गेली, तर तिच्यावर जे होतं ते बाकीच्या मिळून पुन्हा जुळवतात आणि वाचणाऱ्याला पत्ताही लागत नाही. पण आमच्याकडच्या जुन्या कपाटांत ही सोय एकीपुरतीच आहे. दुसरी गेली की गट गेला. आणि दुसरी जाते ती बहुधा याच काळात. सगळ्या एकाच वयाच्या, एकाच खेपेत आलेल्या, आणि गेलेलीचा भार त्यांच्यावर येऊन पडलेला. या अवस्थेत पिवळा दिवा लागतो. त्याला आम्ही ‘अपुरं’ म्हणतो. बाहेरून बघणाऱ्याला काहीच फरक दिसत नाही.

बाबांची तब्येत आहे तशीच आहे. उजवी बाजू हलत नाही. बोलणं एका शब्दावर आलंय. पाणी हवं असलं तरी ‘बरं’, पाठ दुखत असली तरी ‘बरं’. एवढा वाद घालणारा माणूस, आता कशालाच नाही म्हणत नाही. पाठीला जखमा होऊ नयेत म्हणून त्यांना सारखं कुशीवर वळवावं लागतं. सकाळ-संध्याकाळ मी वळवते. दुपारी शेजारच्या काकू येतात, असं आईने मला सांगितलं होतं आणि मी तुला.

गेल्या आठवड्यात आमच्या एका कपाटात पिवळा दिवा लागला. नवी डिस्क लगेच बसवायला हवी होती. पण ती भरत असताना वाचन थोडं मंदावतं, आणि त्यावरून वाचणाऱ्या ग्राहकाचं यंत्राला शिकवणं ऐन रंगात आलं होतं. मी साहेबांना लिहून कळवलं. ते जागेवर येऊन दिव्याकडे बघून म्हणाले, “चालतंय ना? मग चालू दे.” माणूस वाईट नाही. त्यांनाही वरून कोणीतरी हेच सांगितलं असणार.

परवानगी आली तेव्हा डिस्क बदलायला मीच गेले. सोबत यंत्रघराचे मामा होते. सगळे त्यांना मामाच म्हणतात, साहेबसुद्धा. मी कपाटासमोर उभी राहिले, खटका दाबला, मूठ ओढू लागले, आणि मामांनी माझं मनगट धरलं. धरलं ते चांगलंच करकचून. कानाशी तोंड आणून म्हणाले, “अगं, जिवंत आहे ती.”

मी शेजारची ओढत होते. दिवा बिघडलेलीवर लागला होता, मला दिसतही होता, आणि माझा हात धडधाकट डिस्कवर होता. अजून बोटभर ओढली असती तर सगळा गट गेला असता. मामांनी खटका परत बसवला, योग्य डिस्क स्वतः बदलली आणि कोणाला काही सांगितलं नाही. एवढंच म्हणाले, की पट्टीवरचे आकडे पुसले गेले की काय. त्यांना हे नाव कुठून कळलं कोण जाणे. मग मला घरी पाठवलं.

मी भर दुपारी घरी आले. काकू नव्हत्या. त्या कधीच येत नव्हत्या. आई पलंगाच्या पायाला पाय लावून, चादरीचं टोक कमरेला गुंडाळून बाबांना ओढत होती. तिचे ओठ काळपट पडले होते. बाबा भिंतीकडे बघून ‘बरं, बरं’ म्हणत होते. मागे तिच्या छातीत दुखलं होतं, ते तुला ठाऊक नाही. पाण्याची बादलीसुद्धा उचलायची नाही असं डॉक्टरांनी बजावलंय. तुला कळवायचं नाही अशी तिने मला शपथ घातली. तू तिथे तुझ्या लेकरांचं बघशील की आमचं, असं तिचं म्हणणं. ती शपथ मी आत्ता, या ओळीत मोडली.

ताई, बाबा पडले तेव्हापासून आम्ही दोघी त्यांचा भार वाहतोय आणि तुला दर रविवारी सगळं पूर्वीसारखं ऐकू येतंय. तू विचारतेस, चालतंय ना? मी म्हणते, चालतंय. ते खोटं नव्हतं, चालतंच होतं. आधी मला वाटलं होतं की तुला आईसाठी लिहावं. पण माझं मनगट अजून दुखतंय, आणि त्या दिवशी चुकला तो हात आईचा नव्हता. मला मागता येत नाही, हे तुला माहीत आहे. ये. किती दिवस राहायचं ते आल्यावर ठरवू. रविवारी फोन करशील तेव्हा आई शेजारीच बसलेली असेल आणि मी चालतंयच म्हणेन. ऐकू नकोस.

तुझीच,
पट्टी