शेवटचा भोंगा वाजेपर्यंत उठायचे नाही

मी, लेम्पी हार्युला, कैलासवासी रेइनो हार्युला याची पत्नी, वय एक्क्याऐंशी, धंदा पूर्वी शाळेची बस चालवणे, राहणार क्वारी रोड, कॉपर बे, मिशिगनचा वरचा द्वीपकल्प, असे लिहून ठेवते की माझे डोके ठिकाणावर आहे. गुडघे नाहीत, पण कायद्याला गुडघ्यांशी कर्तव्य नाही. हे मृत्युपत्र मी माझ्या स्वयंपाकघरात बसून, कोणाच्या धाकाने किंवा लाडीगोडीने नव्हे, तर निव्वळ किळस आल्यामुळे करत आहे. याआधी जे काही लिहून ठेवले असेल ते रद्द समजावे.

वकीलबाई मॅरिबेथ म्हणाली, "लेम्पी, कारणं लिहायची गरज नसते. कोणाला काय द्यायचं, एवढंच लिही." मी म्हटले, "कारणं सांगायची नसतील तर मेल्यावर तोंड उघडायचं तरी कशाला?" तेव्हा कारणेही लिहिली आहेत.

कलम पहिले. घर, मागच्या अंगणातली सौना, म्हणजे आमची वाफेची न्हाणी, आणि सरपणाची खोपटी माझा एकुलता एक मुलगा डेल याला मिळावी, पण कलम सहामधल्या अटीवर. त्याने घर विकू नये असे मी लिहिणार नाही, कारण तो विकणारच. सौना मात्र रेइनोने स्वतःच्या हातांनी देवदाराच्या फळ्या ठोकून बांधली आहे. तिच्यात रंग बदलणारे दिवे किंवा गाणी वाजवणारे यंत्र बसवणाऱ्याला माझी हाय लागेल. हाय लागणे कायद्यात बसत नाही म्हणे. न बसू दे, लागेल ती लागेलच.

कलम दुसरे. कॉपर बे कॉलेजला माझ्या मालमत्तेतला एक छदामही जाऊ नये.

लग्नाच्या पहिल्या हिवाळ्यापासून रेइनो आणि मी कॉलेजच्या बर्फहॉकीच्या संघामागे उभे आहोत. आमच्या संघाला खाणकरी म्हणतात, कारण गावात तेव्हा खाणी होत्या आणि रेइनो तिथेच विजेची कामे करायचा. गोलाच्या जाळीमागे आमची जागा. पाइनच्या फळीचा बाक, खाली घोंगडी, कोटाच्या खिशात गरम पेस्टी, म्हणजे मांस-बटाट्याची करंजी. शेजारी गॉर्ड पेल्की. गॉर्ड आमच्याशी जेवढा बोलला त्याहून जास्त पंचांशी बोलला, आणि त्यातले एकही वाक्य इथे लिहिण्यासारखे नाही. रेइनोजवळ त्याच्या आजोबांच्या गायीच्या गळ्यातली घंटा होती. गोल झाला की तो ती बडवायचा. संघ हरत असला तरी बडवायचा. आणि संघ हरतच असायचा.

मग मागच्या वर्षी एप्रिलात आम्ही राष्ट्रीय अजिंक्यपद जिंकलो आणि सगळे नासले. फळ्या उपटून गादीच्या खुर्च्या आल्या, पेला ठेवायला भोक असलेल्या. घंटेवर बंदी आली, कारण मधल्या वेळात जाहिराती ऐकू येत नाहीत. आमच्या जागी आता एक दातांचा डॉक्टर बसतो आणि फोनवर मासे पकडण्याचा खेळ खेळतो. आम्हाला दिल्या कोपऱ्यातल्या खुर्च्या, खांबाच्या आडच्या.

रेइनो गेल्यावर कॉलेजचा निधी जमवणारा एक गुळगुळीत गृहस्थ फुलांची परडी घेऊन आला. माझी वेलदोड्याची पुल्ला, आमचा गोड पाव, त्याने अर्धी संपवली आणि म्हणाला, "हार्युलासाहेबांच्या नावाची वीट बसवू या. थेट प्रवेशद्वारापाशी!"

"फुकट?"

"देणगीच्या श्रेणीनुसार."

"आणि लोक तिच्यावरून चालणार?"

"सगळे चाहते चालतील!"

"रेइनोला खाणीच्या मालकांनी जन्मभर तुडवलं," मी म्हटले. "मेल्यावर पैसे भरून कशाला तुडवून घ्यायचं?"

पुल्लाचा उरलेला तुकडा मी त्याच्या पुढ्यातून उचलला.

कलम तिसरे. तळघरातले बुटांच्या पात्यांना धार लावायचे यंत्र आणि त्याचे सगळे दगड गावच्या शाळेतल्या मुलींच्या संघाला द्यावेत. कॉलेजच्या मुलांना नव्हे. ज्याने अंतिम सामन्यातला शेवटचा गोल मारला, तो मुलगा दोन वर्षे सणासुदीला माझ्या टेबलावर जेवला. बटाटे तीनदा वाढून घ्यायचा. विजयाच्या मिरवणुकीतले रंगीत कागद अजून गटारात चिकटलेले होते, तोवर तो दुसऱ्या मोठ्या कॉलेजच्या संघात निघूनही गेला. आता तसे चालते म्हणे. चालत असेल. माझ्या बटाट्यांचे मात्र मला वाईट वाटते.

कलम चौथे. अंतिम सामन्याच्या तिकिटाचा जो तुकडा काचेच्या चौकटीत बसवून डेलने माझ्या दिवाणखान्यात टांगला आहे, तो माझ्यासोबत पुरावा किंवा जाळावा. तो तिथे का नसावा, ते सांगते.

त्या एप्रिलात रेइनोची फुप्फुसे संपत आली होती. प्राणवायूचे नळकांडे चाकाच्या गाडीवर घालून तो हिंडायचा. संघ अंतिम फेरीत पोचला त्या दिवशी तो जेवला नाही, नुसता हसत बसला. डेलने फोन केला. तो शिकागोकडे कारखान्यांना झडपा विकणाऱ्या कंपनीत मोठ्या हुद्द्यावर आहे. "बाबा, मी नेतो तुम्हाला सेंट पॉलला. कंपनीची खास खोली आहे, काचेची. बसल्या जागी सगळं मिळतं."

खरेच सगळे मिळत होते. कोळंबी होती, चॉकलेटचे कारंजे होते. फक्त हॉकी नव्हती. काचेच्या आत आवाज येत नव्हता. खाली हजारो माणसे तोंडे उघडत होती आणि आम्ही मत्स्यालयाबाहेर उभे असल्यासारखे बघत होतो. किंवा मासे आम्हीच होतो. डेलची गिऱ्हाइके बर्फाकडे पाठ करून घरांच्या किमतींबद्दल बोलत होती. माझी सून ब्रूक हिने निदान विचारले, "आई, यात भाग दोन असतात की चार?" तीन असतात. तिने विचारले तरी. म्हणून माझी निळ्या काठाची ताटे तिला.

रेइनोने खाली बोट दाखवले. तिथे विद्यार्थ्यांचा कोपरा होता, बँड होता आणि त्यांच्यात घुसलेला गॉर्ड, शर्ट काढून. "डेल, मला तिथे ने ना."

"बाबा, नळकांडं घेऊन? त्या गर्दीत? इथून किती छान दिसतंय!"

तिसऱ्या भागात आम्ही दोन गोलांनी मागे होतो. घड्याळात थोडाच वेळ उरला होता. डेलने कोट घातला. "चला. आत्ता निघालो तर पार्किंगमधून सुटू. नाहीतर तास मोडेल."

मी म्हटले, "संपलं नाहीये अजून."

"आई, दोन गोल आहेत. बाबा दमलेत."

रेइनो दमला नव्हता. पण गाडी डेलची होती, नळकांडे डेलच्या हातात होते, आणि जन्मभर मालकाने बाहेर जा म्हटले की बाहेर जाणारा माणूस होता तो. तो उठला.

पार्किंगच्या उतारावर असताना भिंतीतून आवाज आला. ऐकू आला म्हणण्यापेक्षा पायाला लागला. डेल म्हणाला, "त्यांचाच असेल." रेइनोने मान हलवली. स्वतःच्या माणसांचे ओरडणे त्याला कळत होते. गाडीत बसून रेडिओ लावला तोवर दुसराही झाला होता. बरोबरी. जादा वेळ.

"गाडी थांबव," रेइनो म्हणाला.

"बाबा, एकदा बाहेर पडलं की परत आत घेत नाहीत."

आणि रस्ता? रस्त्यावर चिटपाखरू नव्हते. ज्या गर्दीच्या भीतीने आम्ही पळालो, ती सगळी गर्दी आत बसून होती. तिला अक्कल होती.

पुलावर असताना निवेदकाचा आवाज चढला. चकती आमच्याकडे, आमचा पोरगा एकटा पुढे, आणि रेडिओ बंद पडला. डेलच्या साहेबाचा फोन आला होता आणि त्या गाडीत फोन आला की रेडिओ आपोआप गप्प होतो. डेलने तो फोन घेतला. घेतला! "हो सर, नाही सर, गाडीतच आहे सर, झडपा सोमवारी निघतील." फोन संपला तेव्हा निवेदक रडत होता. कोणाचा गोल, कसा गोल, हे कळायला आणखी दोन जाहिराती गेल्या.

रेइनो खिडकीबाहेर बघत म्हणाला, "जिंकलो ना? झालं तर." घंटा त्याच्या मांडीवर होती. त्याने ती वाजवली नाही.

कलम पाचवे. त्याच उन्हाळ्यात रेइनो गेला. चर्चमध्ये डेल उभा राहिला आणि सगळ्या गावासमोर म्हणाला, "मी बाबांना अंतिम सामना दाखवला. शेवटचा गोल झाला तेव्हा मी त्यांना खांद्याला धरून उभं केलं होतं. ते माझ्या गळ्यात पडून रडले." लोक हुंदके देत होते. मी पहिल्या रांगेत बसून छताचे वासे बघत होते. तोंड उघडले असते तर मला शेजारच्या शवपेटीत घालावे लागले असते, इतका संताप होता. पुढे त्याने तो तिकिटाचा तुकडा चौकटीत घातला, आणि 'मी तिथे होतो' असे छापलेला सदरा घालून तो माझ्याकडे नाताळला आला. मी त्याला वाढले. हाताला वास राहावा तसा त्या खोट्याचा वास मला तेव्हापासून येतो आहे.

कलम सहावे. माझ्या अंत्यविधीनंतर अग्निशमन दलाच्या हॉलमध्ये कॉफी असते, तिथे कलम चार आणि पाच डेलने स्वतः, उभे राहून, मोठ्याने वाचावे. वाचले नाही तर घर आणि सौना अग्निशमन दलाला जावी.

कलम सातवे. कलम सहावे रद्द.

मॅरिबेथ म्हणते, नवीन कागदावर सगळे स्वच्छ लिहून काढू. मी नको म्हटले. झाले ते असे.

आज सकाळी गॉर्डला साक्षीदार म्हणून बोलावले. साक्षीदाराला मृत्युपत्रातून काही मिळता कामा नये असा नियम आहे. हे त्याला सांगितले तर म्हणाला, "बरंच झालं. आता तुझी मर्जी राखायला नको." साक्षीदाराने वाचायचे नसते, पण गॉर्डने कधी काही विचारून केले आहे? कॉफी गार होईपर्यंत त्याने वाचले. मग चष्मा काढला.

"लेम्पी, जादा वेळात मी वर त्या काचेकडे पाहिलं होतं. तुमच्या खुर्च्या रिकाम्या होत्या."

"म्हणजे तुला माहीत होतं! आणि चर्चमध्ये गप्प बसलास?"

"बसलो. कारण ते खोटं डेलचं नाही. रेइनोचं आहे."

मी हातातला चमचा खाली ठेवला.

"मे महिन्यात पेट्रोलपंपावरच्या कॉफीच्या टेबलाशी रेइनोने सगळ्यांना सांगितलं. डेलने खांद्याला धरून उभं केलं, मी त्याच्या गळ्यात पडलो, सगळं. गोल डावीकडून झाला म्हणाला. उजवीकडून झाला होता. नंतर बाहेर गाडीशी मी त्याला धरलं. म्हटलं, रेइनो, काय हे? तर म्हणाला, 'गॉर्ड, त्या दिवसापासून पोरगा माझ्या डोळ्याला डोळा देत नाही. फोनवर हवापाण्याचं बोलतो आणि ठेवतो. माझ्याकडे वेळ थोडा आहे. गोल काय, फोनवर बघता येतो. मला माझा पोरगा परत पाहिजे.'"

"मग मला का नाही सांगितलं?"

"मी तेही विचारलं. म्हणाला, 'लेम्पीच्या पोटात खोटं राहत नाही. ती पंपावर उभी राहून खरं सांगून येईल.'"

ते बरोबरच होते. म्हणून तर जास्त चीड आली. जन्मभर एका ताटातून खाल्ले आणि गुपित सांगितले कोणाला, तर शर्ट काढून नाचणाऱ्या गॉर्ड पेल्कीला! रेइनो, तुझ्या शेजारी माझी जागा घेतलेली आहे, आणि तिथे आल्यावर पहिला आठवडा मी तुझ्याशी बोलणार नाही.

मी डेलला फोन लावला. कसे आहेस वगैरे काही नाही. "ती गोष्ट बाबांनी रचली होती?"

आधी पलीकडे दार लावल्याचा आवाज आला. मग म्हणाला, "लोक माझी पाठ थोपटायला लागले, तेव्हा मला कळलं. मी त्यांना म्हटलं, बाबा, हे काय? तर म्हणाले, आता हीच गोष्ट. तू मोडू नकोस. आई, चर्चमधली ती वाक्यं त्यांचीच होती. मला दुसरं काही सुचतच नव्हतं."

"आणि तो सदरा?"

"तो ब्रूकने आणला. तिला खरं ठाऊक नाही." त्याने आवाज खाली आणला. "आई, त्या पुलावर मी अजून रोज मनातल्या मनात गाडी मागे वळवतो. रोज."

"फोन तरी घ्यायचा नव्हतास, गाढवा," मी म्हटले. तो रडायला लागला. मीही फोन ठेवला नाही.

याचा अर्थ मी निवळले असा कोणी घेऊ नये. काचेच्या खोलीची, कोळंबीची, दातांच्या डॉक्टरची, विटांची आणि साहेबाच्या फोनची मला आजही तितकीच किळस आहे. पण रेइनोने मरता मरता जे विकत घेतले, ते मी कॉफीच्या कपांमध्ये उभी राहून मोडणार नाही. कलम चार आणि पाच कोठेही वाचू नयेत. तिकिटाचा तुकडा मात्र जाळावाच.

कलम आठवे. बँकेत जे असेल ते डेलला. रेइनोची घंटाही डेललाच. बंदी आहे म्हणून ती त्याने घरी ठेवू नये.

वरील मजकूर मी स्वतः वाचला, दोन शब्दलेखनाच्या चुका तशाच ठेवल्या, आणि राजीखुशीने सही करते आहे. सही घाईत आहे. आज संध्याकाळी खाणकऱ्यांचा सामना आहे, खांबाआडच्या दोन्ही खुर्च्या आहेत, आणि डेल शिकागोहून निघाला आहे. त्याला सांगून ठेवले आहे, दारात पोचलास की गाडीच्या किल्ल्या आधी माझ्या हातात द्यायच्या.

सही: लेम्पी हार्युला

साक्षीदार: गॉर्डन पेल्की, शेजारच्या बाकावरचा. (मला काही मिळालेले नाही. गोल उजवीकडूनच झाला.)

साक्षीदार: आर्लीन टॉर्माला, पोस्टातली. (मी काहीही वाचलेले नाही.)

ठिकाण: कॉपर बे

दिनांक: शनिवार, ९ नोव्हेंबर