काळ्या शाईखालचे बेट

आबा, तुम्ही पाठवलेले ते फूल उंदरांनी नेले नव्हते.

लढाई चालू होती. तुमचे पत्र माझ्याकडे साताऱ्याला, मॅट्रिकच्या वसतिगृहात येई आणि शनिवारच्या मोटारीने मी ते वडूजला नेई. ज्यांची माणसे पलटणीत होती, ती सगळी घरे ऐकायला आपल्या अंगणात जमत. फूल आले त्या पत्रातले ठिकाणाचे नाव लष्करी तपासनिसाने काळ्या शाईने पुसले होते. घडीतले चपटे फूल मात्र त्याने राहू दिले. शेवंतीसारखे, पांढरे, सोबत दोन जाड सुरकुतलेली पाने. ‘हितं हे झुडपावर येतं’, एवढेच तुम्ही लिहिले होते. तुमचे ऱ्हस्व-दीर्घ मी पेन्सिलीने सुधारले आणि फूल वनस्पतिशास्त्राच्या मास्तरांना दाखवले. त्यांनी जाड ग्रंथातल्या चित्राशी ते ताडून पाहिले. हे झुडूप जगात एकाच बेटावर उगवते, असे ते म्हणाले.

अंगणात वाचताना तो काळा डाग आला. अपुरे वाक्य वाचणे मला कमीपणाचे वाटले. मी बेटाचे नाव खणखणीत आवाजात घातले.

पेन्शनीवर आलेले शेजारचे सुभेदार उठून उभे राहिले. “लय शिकलास रं,” ते हळू म्हणाले. “आता आपल्या माणसांची बोट तितंच आसली तर?”

त्यानंतर चार महिने तुमचे पत्र आले नाही. वडूजच्या अंगणातला शब्द शत्रूच्या कानी जाणार नाही, हे मला कळत होते. पोस्टमन दिसला की कळेनासे होई. रिकाम्या हाताने घरी जायचे म्हणजे मी मोटारीतून सगळ्यांच्या शेवटी उतरे. आई विचारी, “कवा येतंय रं पत्र?” मी टपालाला दोष देई. फूल तिने देव्हाऱ्यात ठेवले होते. माझ्या गुन्ह्याचा तेवढाच पुरावा उरला आहे, असे माझ्या मनाने घेतले. ती पाण्याला गेलेली असताना मी ते चुलीत टाकले. नंतर तिने एकेक देव उचलून खाली पाहिले आणि मी शेजारी उभा राहून तिला शोधायला मदत करू लागलो.

तुम्ही परत आलात. तापाने इस्पितळात पडून होतात, एवढेच कारण निघाले. “फूल ऱ्हायलं का रं?” तुम्ही विचारलेत. मी उंदरांचे नाव सांगितले. आईने माझ्याकडे पाहिले आणि ती भाकरी थापत राहिली. चुलीतली राख रोज तीच काढत असे.

हे पत्र कोठेही जायचे नाही, आबा. तुम्ही नाही, सुभेदार नाहीत, ती लढाईही संपून गेली. तरीसुद्धा त्या बेटाचे नाव मी वर कोठेही लिहिलेले नाही. धीर झाला नाही.