तोड्यांवरचा काळा रंग

३ फेब्रुवारी
नगरमधला सावेडीचा फ्लॅट कुलूपबंद करून जामखेडजवळच्या खर्डा गावात दाखल. हवा झकास, चहा गोड, माणसं त्याहून गोड. म्हणजे सावध राहायला हवं. चांगुणाबाईंच्या कारखान्यात चांदीच्या कोऱ्या दागिन्यांना म्हातारं करतात. सत्तेचाळिसाव्या वर्षी मला इथे नोकरी मिळाली, यालाच गुणग्राहकता म्हणायचं.

दागिना गंधकाच्या कोमट पाण्यात बुडवला की आधी पिवळा, मग तांबूस, मग मोरपंखी, शेवटी काळा होतो. मग पितळी ब्रशने उंचवटे घासून उजळायचे, खाचा काळ्याच ठेवायच्या. पुण्याच्या बायका तो पणजीचा म्हणून मिरवतात.

इथली रीत अशी की नव्या बाईने अंगावरचा दागिना आधी द्यायचा. मी मनगटांतले आईचे वेलीच्या नक्षीचे चांदीचे तोडे काढून दिले. चांगुणाबाई ते रोज थोडे बुडवणार आणि भिंतीवर टांगणार. शेजारच्या खिळ्यावर सुरेखाचे पैंजण, लखलखीत. ही सुरेखा कुठे असते विचारलं, तर ब्रशवाली बायडाबाई म्हणाली, घासून घासून लई उजळली बगा ती. सगळ्या हसल्या. मीही हसले.

६ फेब्रुवारी
तोडे पिवळे झाले. मीसुद्धा. जामखेडच्या डॉक्टरांनी कावीळ सांगितली. रक्तात कावीळ निघाली नाही, तरी औषध काविळीचंच. माणसाने असं ठाम असावं.

९ फेब्रुवारी
तोडे तांबूस, तळवे तांबूस. मनगटांवर वेल उठलीय, तोड्यांवरचीच, पानाला पान. तोडे परत मागितले. चांगुणाबाई म्हणाल्या, रंग अर्ध्यात सोडला की फाटतो ताई, मंग आमाला बोल लावू नगा. जित्या माणसाचा रंग गिऱ्हाईक बरुबर वळखतं. बायडाबाईने माझ्यापुढे पाट सरकवला आणि भर दुपारी दाराला कडी घातली.

१० फेब्रुवारी
सकाळी निसटले. एसटी जामखेडच्या पुढे गेली आणि दंडाचे पापुद्रे सुटू लागले. रक्त नाही. आत पांढरं, गार, टणक. शेजारची बाई मूल उचलून मागे जाऊन बसली. उतरून परत आले. तोडे त्यांच्याकडे आहेत.

१२ फेब्रुवारी
मोरपंखी. बायडाबाई माझ्या गालावर बोट फिरवून म्हणाली, ह्यो रंग सुरेखाला बी बसला न्हवता. सगळ्या जेवण टाकून बघायला आल्या. तोडे ओढून घ्यायला हात उचलला — मनगट वाकेना. त्यांनी हात धरून खाली ठेवला. प्रेमाने. भांडं ठेवावं तसा.

१४ फेब्रुवारी
काळी. पापण्या मिटत नाहीत. पेन बोटांत अडकवून —

दुपार
चांगुणाबाई समोर बसल्यात. मांडीवर तोडे. हातात ब्रश. म्हणतात, हलू नगा ताई, आदी उंचवटे.

उंचवटे. म्हणजे नाक. गालाची हाडं. बोटांची —

तोड्यावरच्या वेलीवर ब्रश टेकवला. त्यांनी तोडा घासला, आणि माझी पेरं — पांढरी — चकचकीत — पेन धरायला आता बो