न्हाणीघरातली पाठ

मी, पोस्टरवर जिचा चेहरा नेहमी कोपऱ्यात छापला जाई ती नटी, वय सत्त्याहत्तर, हे मृत्युपत्र स्वखुशीने व कोणाच्याही दडपणाशिवाय लिहून ठेवत आहे. डोकं ठिकाणावर असल्याचा दाखला डॉक्टरांनी दिला आहे. एका बाबतीत ते ठिकाणावर नाही. ती बाब कलम तीनमध्ये येईल.

१. राहती खोली, भांड्याकुंड्यांसह, माझ्या थोरल्या बहिणीला, म्हणजे ताईला. कोणतीही अट नाही.

२. माझा विग निर्मात्याला, हयात असल्यास. टकलावर शोभेल. त्याच्या चित्रपटांत मी बहुधा मध्यंतराआधीच मरत असे, त्यामुळे मरायचा सराव आहे. कागदपत्रं मात्र पहिल्यांदाच करतेय.

३. बायकांच्या तुरुंगाचा तो चित्रपट. मोर्चे निघाले, पोस्टरं जाळली, बंदी आली. त्यात न्हाणीघरात एक उघडी पाठ दिसते. तेवढ्यावरून ताईने माझ्याशी बोलणं टाकलं. ती पाठ माझी नाही, दुसऱ्याच कुणा बाईचा तो तुकडा मागून रिळात जोडलाय, असं मी शपथेवर सांगत आले. थिएटरचा ऑपरेटर म्हणतो, "मावशी, तुकडे मीच जोडायचो, पण कुठून आले हे विचारायची सोय नव्हती." रीळ त्याच्याकडेच आहे. परवा त्याने मला ते दाखवलं. आधी वाटलं, छे, ही कोण बाई? पुन्हा लावलं, तर मान वळवायची लकब माझीच. तो शॉट दिल्याचं आठवत नाही, आणि दिला नव्हता असंही आता छातीठोक सांगवत नाही. इतकी वर्षं मी ताईशी खोटं तर बोलले नाही ना, या विचाराने जीव घाबरा होतो.

ताई, लहानपणी माझी पाठ तूच चोळायचीस. खांद्याखाली भाजल्याचा डाग आहे, गरम पाणी तुझ्याच हातून सांडलं होतं. पडद्यावर तो कधी दिसतो, कधी फिल्मवरचा ओरखडा वाटतो.

४. म्हणून सूचना. मी गेल्यावर मला आंघोळ ताईने घालावी व पाठ नीट पाहावी. मग ऑपरेटरने तिला ते रीळ दाखवावं. पाठ माझी निघाली, तर ताई, रागवायचं तेवढं रागव. दुसरीची निघाली, तर त्या बिचारीला नावं ठेवू नकोस.

निकाल काय लागला ते मला कळणार नाही. पण त्यासाठी तुला यावं लागेल, ताई.

सही: धाकटी
(पोस्टरवरचं नाव निर्मात्याने ठेवलं होतं, ते इथे नको.)

साक्षीदार: १. ऑपरेटर २. डॉक्टर
ठिकाण: राहती खोली
दिनांक: चौदा मार्च