कूलंट सेन्सर आणि माझा शांत स्वभाव

२६ एप्रिल, शनिवार. सकाळी.

आजपासून राग बंद. संकल्प पक्का. तसा मी मुळात शांतच आहे, पण लोक शांत राहू देत नाहीत, हा खरा प्रॉब्लेम.

गुरुवारी बबलू आला आणि रोहिणीला आखाजीसाठी, म्हणजे अक्षय्यतृतीयेच्या सणाला, धरणगावला माहेरी घेऊन गेला. बबलू म्हणजे माझा मेव्हणा. दरवर्षी मुराळी म्हणून येतो, ऐसपैस बसतो, दोनदा चहा घेतो. यंदा बूटही न काढता दारातच उभा राहिला. रोहिणीच्या दोन बॅगा. एकीत स्वेटर आणि बीएडची सर्टिफिकिटं. धुळ्यात चव्वेचाळीस डिग्री आणि ही स्वेटर नेते. बायकांचं पॅकिंग देवालाही कळायचं नाही.

मिक्सरचा विषय तिने माहेरी काढला असणार. मी मोबाइलवर बातम्या ऐकत होतो, तिचा मिक्सर घरघरत होता, मी तो भिंतीवर मारला. एवढंच. टीव्ही त्याच्या आधीचा, आणि ती खुर्ची तर मोडकीच होती. माणसावर मी आजवर हात उचललेला नाही. वस्तूंवर उचलतो. वस्तूंना लागत नाही.

दुपारी.

सासऱ्यांचा, म्हणजे पंडितनानांचा फोन. म्हणाले, आखाजी होऊ द्या, मग रविवारी चार तारखेला तुम्ही स्वतः या. डोकं थंड ठेवून या. रोहिणी बॅग घेऊन ओट्यावर उभी राहील, तुम्हाला बघेल आणि मग ठरवेल. काय ठरवेल ते बोलले नाहीत. बहुधा गाडीत पुढे बसायचं की मागे.

जावई न्यायला जाणार तर स्वतःच्या गाडीने. एसटीने जाऊन मला गावात नाक कापून घ्यायचं नाही.

संध्याकाळी.

गाडी बाहेर काढली. चावी फिरवली तोच टेम्परेचरचा काटा थेट लालवर. पुढचा फॅन भणभणायला लागला. पिकअप नाही. बॉनेटवर दोन बुक्क्या मारल्या. काटा तिथेच. बॉनेटला पोचा.

हारुनच्या गॅरेजला नेली. त्याने स्कॅनर लावला, मग पाइपला हात लावून बघितला. म्हणाला, भाऊसाहेब, इंजन तो ठंडा है, काटा झूठ बोल रहा, कूलंटचा सेन्सर गेलाय. मी म्हणालो, मागच्या महिन्यात तूच सर्व्हिसिंग केलंस, तेव्हा झोपला होतास का. तो म्हणाला, मागच्या महिन्यात बॉनेटला एवढे पोचे नव्हते. मी त्याची कॉलर धरली. समजावण्यासाठी धरली. त्याने मला ढकललं, मी जळक्या ऑइलच्या डब्यात बसलो. पँट गेली. निघताना त्याच्या टूलबॉक्सला लाथ घातली, ती अंगठ्याला लागली. हारुन हा रागीट माणूस आहे. अशांशी संबंध नको.

सेन्सर मी स्वतः बदलणार. बोटाएवढी वस्तू. कॉलेजचं अख्खं ऑफिस मी चालवतो.

२७ एप्रिल, रविवार.

तीन व्हिडिओ पाहिले. विषय कळला. सेन्सर इंजिनच्या पाण्यात बुडालेला असतो. पाणी गार तर त्याचा रेझिस्टन्स जास्त, पाणी तापलं की कमी. त्यावरून काटा हलतो आणि फॅन चालू होतो. सेन्सर बिघडला की काटा काहीही सांगतो. हे आठवीच्या पोरालाही जमेल.

मल्टिमीटर आणला. सेन्सरची पिन काढली, दोन टोकं लावली. गार इंजिनला जो आकडा यायला हवा तो येईना. याचा अर्थ सेन्सर खराब, हे कळत होतं. पण तेच हारुन म्हणाला होता. म्हणून पुन्हा मोजलं. पुन्हा तेच. मल्टिमीटर कंपाउंडच्या भिंतीवर मारला. पडल्या पडल्याही तोच आकडा दाखवत होता. त्यावर वीट घातली.

मग गाडी नकाणे रोडला एक चक्कर मारून आणली. काटा लाल. आता नीट विचार केला: काटा खोटारडा आहे. तो गरम म्हणतो, म्हणजे इंजिन गार. रेडिएटरचं झाकण उघडलं.

रात्री.

उजवा हात कोपरापर्यंत भाजला. डॉक्टर म्हणाले, तापलेल्या गाडीचं झाकण कोणी उघडतं का. मी त्यांना लॉजिक समजावून सांगितलं. त्यांनी मान हलवत पट्टी बांधली, म्हणजे पटलं असावं. आई म्हणाली, हळद लाव. हळदीचा डबा मी बाजूला सारला. तो खाली पडला, फुटला. प्लॅस्टिकचा होता.

राग आलेला नाही. दुखतंय म्हणून आवाज चढतो.

२९ एप्रिल, मंगळवार.

रजा टाकून जळगावला गेलो, सेन्सर आणायला. धुळ्यातले पार्टवाले सगळे हारुनच्या ओळखीचे. एसटीने गेलो, पण हे काही सासरी जाणं नाही.

बसमध्ये एकाने खिडकीच्या सीटवर रुमाल टाकून ठेवला होता. रुमाल बाहेर फेकला. तो माणूस आला, थोडं झालं. माझ्या शर्टाच्या दोन गुंड्या आणि त्याचा चष्मा. चष्मा ही वस्तू आहे. कंडक्टरने मला पारोळ्याला उतरवलं, मागच्या बसने पुढे गेलो.

दुकानात हसनैन नावाचा माणूस. गाडीचं मॉडेल विचारलं, जुना सेन्सर आणलाय का विचारलं. जुना गाडीत आहे म्हणालो. त्याने पिनचे फोटो दाखवून ओळखायला लावले, पार्ट दिला आणि सांगितलं, इंजिन पूर्ण गार झाल्यावर लावा, वायसरची चकती विसरू नका, आणि हाताने बसवून मग पान्याने फक्त पाव फेरा. जास्त आवळू नका, ज्यात बसतो ते घर प्लॅस्टिकचं असतं.

पाव फेरा. पुरुषाने आवळलेला नट पुरुषालाही सुटता कामा नये, असं आमचे वडील सांगत.

३० एप्रिल, बुधवार. आखाजी.

आईने पहाटेच वडिलांची घागर भरली. नवी मातीची घागर, वर डांगर म्हणजे खरबूज, सांजोऱ्या, आंबा. वर्षातून एकदा वडील येऊन पाणी पितात. देवघरापाशी ठेवली आणि मला म्हणाली, आज तरी शांत राय. मी शांतच होतो. पाना शोधत होतो.

जुना सेन्सर निघेना. भाजलेल्या हाताने जोर लागेना, म्हणून पान्यावर हातोडी घातली. एक घाव पान्यावर, एक बोटावर, तिसऱ्याला सुटला. हिरवं कूलंट सगळं अंगणात गेलं. सेन्सर जमिनीवर ठेवून ठेचला. त्याचं आता कामही नव्हतं.

नवा बसवला. वायसर लावला. पाव फेरा. मग अर्धा. मग पान्याला पाइप अडकवून, पायाने रेटून आणखी एक. कट्ट असा आवाज आला. नीट बसल्याचा आवाज.

कूलंटचा नवा डबा आणायला विसरलो होतो. दुकानं बंद, नळाला पाणी नाही, टाकी रिकामी. घरात एकच पाणी होतं.

घागर मी अदबीने उचलली. डांगर आणि सांजोऱ्या बाजूला ठेवल्या. पाणी रेडिएटरमध्ये ओतलं. वडिलांना गाड्यांची आवड होती. त्यांना चाललं असतं.

आई दारात उभी होती. म्हणाली, तुना बापनी घागर तू गाडीले पाजी? मी समजावत होतो. ती एकच वाक्य परत परत म्हणत होती. हातात घागर होती, मी ती अंगणात आपटली. रिकामीच होती.

आईने खापऱ्या पदरात वेचल्या. मग पिशवी घेतली आणि रिक्षाने स्टँडवर गेली. पिंपळनेरला, माझ्या बहिणीकडे. तिलाही माहेरपणाचा हक्क आहे. पण आई मुलीच्या घरी माहेरपणाला जाते हे मी पहिल्यांदाच पाहिलं.

दुपारचा आमरस एकट्याने खाल्ला. आंबा आंबट निघाला.

१ मे, गुरुवार.

सुट्टी. गाडी चालू केली. काटा खाली. हळूहळू वर आला आणि बरोब्बर मधोमध थांबला. फॅन आपला आपण चालू झाला, आपला आपण बंद झाला. डोळ्यांत पाणी आलं. रोहिणीला फोन लावला, तिने घेतला नाही. आखाजीचे झोके चालू असतील, गाण्यांत ऐकू येत नाही.

हारुनच्या गॅरेजवरून मुद्दाम दोनदा गाडी नेली. हॉर्न दिला. त्याने वर बघितलं नाही.

३ मे, शनिवार.

गाडीखाली ओल. एसीचं पाणी. एसी लावला नव्हता, पण कधीचं तरी साचलेलं असेल.

शेजारच्या भागाबाई अंगण झाडता झाडता म्हणाल्या, भाऊ, तुमनी गाडी मुतस, रेडिएटरमाईन. बाईमाणसाने रेडिएटरबद्दल बोलावं. मी काहीही बोललो नाही. त्यांची तुळस नाही, शेजारची कोरफडीची कुंडी होती, तिला पाय लागला. ओटा उंच होता.

गाडीत पाणी थोडं कमी वाटलं. भरलं. उद्या धरणगाव. नवा शर्ट इस्त्री केला. आरशासमोर शांत चेहरा करून पाहिला. जमतो.

४ मे, रविवार. रात्री.

जे घडलं ते क्रमाने लिहून ठेवतो. पुढे लोक काहीही सांगतील.

सकाळी निघालो. मुकटीपर्यंत काटा मध्ये. पारोळा ओलांडला आणि चढायला लागला. एरंडोलला लालमध्ये. मी हसलो. हा काटा कसा आहे ते मला माहीत होतं. आधी खोटं बोलला, आता सेन्सर डुप्लिकेट दिला म्हणून खोटं बोलतोय. डॅशबोर्डवर बुक्की मारली. काटा तसाच. मीटरच्या काचेवर रुमाल टाकला. रुमाल टाकल्यावर मन शांत झालं. वास येत होता, तो शेतातला असावा.

धरणगावात शिरलो तेव्हा बॉनेटमधून वाफ येत होती. सासऱ्यांच्या गल्लीत, बरोबर त्यांच्या ओट्यासमोर, इंजिनने आतून एक घास अडकल्यासारखा आवाज केला आणि बंद पडलं. चावी फिरवली. आतलं काही फिरेना.

रोहिणी ओट्यावर उभी होती. बॅग हातात. अबोली साडी. मी उतरलो, शांत चेहरा केला, म्हणालो, चल. ती हसली. हे लिहून ठेवणं महत्त्वाचं आहे. ती हसली आणि दोन पायऱ्या उतरली.

नाना म्हणाले, जावईबापू, गाडी तापनी तर तापू द्या. कोनता तरी मेकॅनिक बघी. तुम्ही दोन्ही जन लाल गाडीवर निंघा. रोहिणीही म्हणाली, चालेल, बसने जाऊ. तिला चालत होतं.

पण गल्लीतले लोक जमले होते. कोणीतरी म्हणालं, पाण्याबिगर चालवली वाटतं. मी ऐकलं.

डिकीतून जॅकचा रॉड काढला. आधी समोरची काच. मग दोन्ही दिवे. मग बॉनेट, बॉनेट, बॉनेट. बॉनेट उघडलं तर तो नवा सेन्सर दिसला, त्याच्या घराला ही एवढी चीर, त्यातून उरलीसुरली वाफ. त्याच्यावर घातला. काय काय घातलं आठवत नाही. हात भाजलेला होता, पण तेव्हा दुखला नाही.

बबलू मागून धरायला आला. रॉड हातातून निसटला. त्याच्या खांद्याला लागला. निसटला तो निसटला. बबलू खाली बसला, त्याचा हात वेगळ्याच दिशेला लटकत होता. माणसं माझ्यावर पडली. कोणाचा तरी गुडघा मानेवर होता.

तिथून मला रोहिणीची चप्पल दिसत होती. ती ओरडली नाही, रडली नाही. पायऱ्या उतरून माझ्याजवळ आली, वाकली आणि अगदी हळू म्हणाली, घरना बठ्ठ्या वस्तू सरन्यात. बबलूबी व्हयना. आते मीच बाकी शे.

घरातल्या सगळ्या वस्तू संपल्या, बबलूही झाला, आता तीच बाकी, असा त्याचा अर्थ. घरी माझ्याशी ती कधी अहिराणी बोलत नाही. ते ऐकून बरं वाटलं, आपलेपणा वाटला.

मग तिने बबलूला उठवलं, बॅग उचलली आणि आत गेली. कडी लावल्याचा आवाज आला. नानांच्या ओळखीतल्या दोघांनी मला धुळ्याच्या बसमध्ये बसवलं आणि बस सुटेपर्यंत खाली उभे राहिले. खिडकीची सीट दिली.

५ मे, सोमवार.

नानांचा मेसेज. बबलूचं हाड मोडलंय, ऑपरेशन आहे. गाडी गल्लीतून उचलून न्या. रोहिणीचे बाकीचे कागद बबलूच्या मित्राजवळ द्या, तुम्ही येऊ नका.

कागद कशाला, ते लिहिलेलं नाही. नोकरीसाठी असतील. बीएड आहे ती. चांगलं आहे, दोन पगार येतील.

बहिणीला फोन केला. ती म्हणाली, आई झोपलीय. सकाळी अकराला.

तिचे कागद काढायला कपाट उघडलं. खालच्या कप्प्यात मिक्सरची पावती, रोहिणीच्या नावाची, तारीख माझ्या वाढदिवसाची. त्याच्या आधीचा मिक्सर फुटला तेव्हा हा नवा मीच आणून दिला, असं ती सगळ्यांना सांगायची. कागद पिशवीत भरून दाराला अडकवले.

दिवसभर घरी होतो. एकदाही राग आला नाही, आवाज चढला नाही, काही फुटलं नाही. संकल्प पूर्णपणे पाळलेला हा पहिलाच दिवस. कोणाला सांगावं म्हणून हाक मारली, तर घरात कोणी नव्हतं.