पाशाने गिळलेली मार्तेनित्सा

प्रिय रालित्सा,

तुझा पाशा जिवंत आहे, हे आधी वाच. माझ्या मात्र कालपासून जिवात जीव नाही. एक मार्चला बाबांच्या मनगटावर बांधायला तू पाठवलेली मार्तेनित्सा, तुझ्या हातानं वळलेला तो लाल-पांढरा दोरा, निळ्या मण्यासकट तुझ्या कासवानं गिळली.

दोष द्यायचाच तर बाबांच्या बागेला दे. तू लाइपझिगला गेलीस तेव्हा पाशा काचेच्या पेटीत, दिव्याखाली, भुशावर मरगळून बसायचा. बाबांना ते बघवेना. "काचेतून ऊन दिसतं, अंगाला लागत नाही," म्हणत त्यांनी दक्षिणेच्या बाल्कनीत लाकडी वाफा केला आणि वर काचेऐवजी जाळी लावली. मातीत क्लोव्हरचं गवत आणि रानस्ट्रॉबेरी लावली, सावलीला दगडाची कपार केली. आता पाशा सकाळी उन्हात पाय ताणून पडतो, दुपारी पानांत शिरतो. शेजारचा मिन्चो माझी बाजू घेऊन बाबांवर ओरडतो, "स्पास, दोन्कासाठी कधी एक कुंडी तरी आणलीस का रे?" बाबा म्हणतात, "दोन्का कुठे पाला खाते?"

फुललेलं झाड दिसलं की बाबा मार्तेनित्सा सोडून खालच्या प्लमच्या फांदीला बांधतात आणि वर्षभराची तब्येत मागतात, हे तुला ठाऊकच आहे. यंदा त्यांना जिने उतरवेनात. वाफ्यातल्या स्ट्रॉबेरीला पहिलं फूल आलं, तिलाच बांधून मोकळे झाले. लाल काही दिसल्यावर पाशा थांबतो थोडाच! मी धावले तेव्हा तोंडाबाहेर नुसतं पांढरं टोक उरलं होतं.

प्राण्यांचे डॉक्टर म्हणाले, दोरा आतड्यात अडकला तर पोट कापावं लागेल. तोवर कोमट पाण्यात बसवा, ऊन द्या. आणि आज आभाळ भरून आलंय. मी टबापाशी बसून पाणी गाळून दोरा शोधतेय आणि मला भीती वाटतेय, रालित्सा, फार भीती वाटतेय.

ती नुसती पाशासाठी नाही. बाबांना जिने का उतरवत नाहीत, हे तुला सांगायचं नाही अशी त्यांनी मला शपथ घातली होती. ती मी मोडतेय. त्यांच्या आतड्यात गाठ आहे. एप्रिलच्या सुरुवातीला सोफियाला ऑपरेशन ठरलंय. कालपर्यंत ते तयार होते. आता म्हणतात, "माझी तब्येत त्याच्या पोटात गेलीय, दोन्का. ती बाहेर आली तरच मी माझं पोट कापून घेईन." मी रडले, मिन्चोनं शिव्या घातल्या. ते हलत नाहीत.

फोनवर हे बोलले असते तर त्यांनी ऐकलं असतं, म्हणून लाइपझिगच्या बसवाल्याच्या हाती पत्र देतेय. तशीच एक मार्तेनित्सा वळ, निळा मणी विसरू नकोस. तुझ्या हातची गाठ ते ओळखतात. जरा मळवून मी ती पाशाच्या टबात टाकीन आणि 'बाहेर आली!' म्हणून आरडाओरडा करीन. पण ती पोस्टानं पाठवू नकोस, स्वतः घेऊन ये. नंतर खरीही पाशाच्या पोटातून निघाली तर त्यांना काय सांगायचं, ते आपण दोघी मिळून ठरवू.

तुझीच,
आई