दोनशे चाळीस बटणं

३ जून

ती. काका आणि काकूंस,
सा. न. वि. वि.

पत्राला उशीर झाला म्हणून काकूनं तोंड फुगवलं असेल, तिला सांगा की कारण मोठं आहे. मी घर घेतेय! म्हणजे घ्यायचा विचार पक्का आहे, सही अजून केलेली नाही. दोन खोल्या, तिसरा मजला, स्वयंपाकघराच्या खिडकीतून आमची पाण्याची टाकी दिसते. दिवसभर प्रयोगशाळेत त्याच टाकीचं पाणी तपासायचं आणि घरी येऊन तिलाच बघत चहा प्यायचा, असं माझं नशीब आहे.

माझ्याकडे साठवलेले सव्वातीन लाख आहेत. उरलेले दहा लाख बँक द्यायला तयार आहे, व्याज साडेनऊ टक्के. तिथला माणूस फार गोड बोलतो. तीस वर्षांची मुदत घ्या म्हणाला, हप्ता आठ हजार चारशे नऊच पडेल. पंधरा वर्षांची घेतली तर दहा हजार चारशे बेचाळीस. मी आता एकोणतीस वर्षांची, म्हणजे तिशीतला हप्ता एकोणसाठीपर्यंत. ते ऐकून मी बोटांवर पुन्हा मोजलं.

पंधराव्या वर्षी तुमच्याकडे आल्यापासून तुम्हाला विचारल्याशिवाय मी साधी चप्पलही घेतली नाही. तुम्ही अठरा वर्षं हप्ते भरताय, तेव्हा तुम्हीच सांगा. काकांचा अंगठा कसा आहे? खरं लिहा.

लोभ नेहमीसारखाच भरभरून पाठवा.
तुमची,
भिंगरी

९ जून

चि. भिंगरीस,
अ. उ. आ.

तुझं पत्र काकूनं तीनदा वाचलं आणि तिन्ही वेळा घराचा मजला बदलून सांगितला. आनंद झाला पोरी.

माझा सल्ला सरळ आहे. मुदत जितकी लांब मिळेल तितकी घे. हप्ता लहान असला की टोचत नाही, महिना सुखाचा जातो. मीही दहा लाखच घेतले होते, वीस वर्षांसाठी. हप्ता आठ हजार तीनशे चौसष्ट, पहिल्या महिन्यापासून आजपर्यंत एका पैशानं बदललेला नाही. शिलाई मशीनच्या वर फळीवर ती काचेची बरणी आठवते ना? कर्ज मिळालं त्या दिवशी तिच्यात मोजून दोनशे चाळीस बटणं टाकली होती. दर महिन्याच्या पाच तारखेला हप्ता भरून आलो की एक काढायचं. या महिन्याचंही काढलं. आता सोळा राहिली आहेत, बरणीचा तळ दिसतो.

अंगठ्याचं खरं लिही म्हणतेस, तर लिहितो. उजव्या अंगठ्याचा सांधा कात्री धरू देत नाही. सकाळी दोन सदरे कापले की दुपारी भाताचा घास उचलताना कळ येते. डॉक्टर म्हणतात, काम थांबवा. मी काकूला शब्द दिलाय, बरणी रिकामी झाली की दुकान बंद. सोळा महिने मी दातावर दात ठेवून काढीन, त्याहून जास्त मात्र जमणार नाही.

सही करताना पेन चांगलं ने. असतो तसाच लोभ राहू दे.
तुझा,
काका

ता. क. दातावर दात ठेवतात आणि रात्री मला अंगठा चोळायला लावतात. — काकू

१७ जून

ती. काकांस,
सा. न. वि. वि.

तुमचा सल्ला शिरसावंद्य म्हणणार होते, पण सवयीनं आकडेमोड करून बसले. आमच्याकडे पाणी दिसायला स्वच्छ असलं तरी नमुना तपासल्याशिवाय सोडत नाहीत.

दहा लाख, तीस वर्षं: एकूण भरायचे तीस लाख सत्तावीस हजार. तेच पंधरा वर्षांत फेडले तर अठरा लाख ऐंशी हजार. महिन्याला दोन हजार वाचवायचे आणि शेवटी साडेअकरा लाख जास्त मोजायचे! पहिल्या हप्त्याच्या आठ हजार चारशे नवातले सात हजार नऊशे सतरा नुसतं व्याज. माझ्या घराच्या नावावर जमा होणार चारशे ब्याण्णव. एवढ्यात दाराची कडीही येत नाही. लहान हप्ता टोचत नाही हे तुमचं खरं, पण तो टोचत नाही म्हणूनच माणूस त्याच्याकडे बघत नाही.

एक गोष्ट खटकली म्हणून विचारते. गेल्या अठरा वर्षांत व्याजाचे दर वरखाली झालेत. तुमचा दर बदलणारा असेल आणि तरीही हप्ता तोच राहिला असेल, तर दुसरं काहीतरी बदललं असणार. बँकेची पत्रं येत असतील ना? ती पाठवाल का?

काकूला सांगा, अंगठा चोळायचे पैसे लावायला हरकत नाही. माया असू द्या.
तुमची,
भिंगरी

२६ जून

चि. भिंगरीस,
अ. उ. आ.

बँकेची पत्रं येतात. वर्षाला तीन-चार येतात. कागद जाड आणि करकरीत असतो, कॉलरचे नमुने कापायला त्याच्यासारखा कागद बाजारात मिळत नाही. तेव्हा झालंय असं, की बँकेची पत्रं माझ्याकडे आहेत, पण ती आता कॉलर, कफ आणि खिसे झालेली आहेत. हसू नकोस. शहरातल्या अर्ध्या सदऱ्यांच्या कॉलरी बँकेच्या कृपेनं ताठ उभ्या आहेत.

जुन्यातले जे सापडले ते पाकिटात घातलेत. पंधरा इंची कॉलर वापरात आहे, ती परत पाठव.

उगाच काळजी करू नकोस. बरणी माझ्या डोळ्यांसमोर आहे.

लोभात खंड नको.
तुझा,
काका

५ जुलै

ती. काकांस,
सा. न. वि. वि.

तुमच्या कॉलरी जमिनीवर मांडून जुळवल्या. मैत्रीण आली होती, तिला वाटलं मी शिवणकाम शिकतेय.

साडेपंधरा इंची कॉलरीवर तुमचा खाते क्रमांक आहे. पंधरा इंचीवर लिहिलंय, दर आठवरून साडेनऊ टक्के झाला आहे. तारीख तुमचं कर्ज पाच वर्षांचं होतं तेव्हाची. पुढचं वाक्य डाव्या कफवर गेलंय: हप्त्याची रक्कम कायम ठेवून मुदत त्यानुसार. बस, तिथं कात्री फिरली.

काका, बँकेत जा आणि एकच प्रश्न विचारा. अजून किती हप्ते? लेखी घ्या आणि मेहेरबानी करून कापू नका.

वाट बघते.
भिंगरी

१४ जुलै

चि. भिंगरीस,
अ. उ. आ.

गेलो होतो. खिडकीतल्या मुलीनं पडदा माझ्याकडे वळवून दाखवला. बरणीत पंधरा आहेत. बँकेत एकोणसाठ आहेत.

मी तिला म्हटलं, चूक असेल, पुन्हा बघा. तिनं न कुरकुरता पुन्हा बघितलं. शिल्लक तीन लाख नव्वद हजार. कागद सोबत जोडलाय, अखंड आहे.

घरी येऊन काकूला सांगितलं. तिनं बरणी पुसून जागेवर ठेवली. संध्याकाळी एक सदरा कापायला घेतला आणि हातानं ऐकलं नाही, तेव्हा गिऱ्हाइकाला कापड परत केलं. अठ्ठावीस वर्षांत पहिल्यांदा कापड परत केलं.

तू सही करू नकोस. माझा आधीचा सल्ला मागे घेतो.
तुझा,
काका

२२ जुलै

ती. काकांस,
सा. न. वि. वि.

कागद नीट तपासला. बँकेनं खोटं काही केलेलं नाही, आणि हेच जास्त वाईट वाटतं. पहिल्या पाच वर्षांत तुम्ही पाच लाख भरलेत, त्यातले मुद्दलात गेले सव्वा लाख. दर वाढला तेव्हा जवळजवळ पावणेनऊ लाख बाकी होते. हप्ता तोच ठेवला म्हणून वर चव्वेचाळीस हप्ते चढले. दहा लाखांच्या घराचे तुम्ही शेवटी तेवीस लाख सत्तर हजार मोजणार.

त्या वेळी हप्ता फक्त सातशे पंच्याहत्तरनं वाढवला असता, तर बरणी आणि बँक एकाच दिवशी रिकामी झाली असती. तेवढे वाचवायला सव्वादोन लाख जास्त! काका, एवढं महाग कापड तुम्ही कधी कोणाला शिवून दिलंत?

रागावू नका, गंमत केली. काहीतरी मार्ग काढूच.
तुमची,
भिंगरी

३० जुलै

चि. भिंगरीस,
अनेक आशीर्वाद.

हे पत्र मी त्यांना न सांगता लिहितेय, कारण तुझी गंमत वाचून ते जेवायचे थांबले.

ते कापड तुझ्याच अंगावर आहे, बाळ.

दर वाढला तेव्हा मी त्यांच्याबरोबर बँकेत होते. तुझे आईवडील जाऊन, तू आमच्याकडे येऊन तीन महिने झाले होते. अर्जावर दोन चौकोन होते. एकात हप्ता सातशे पंच्याहत्तरनं वाढवायचा, दुसऱ्यात मुदत वाढवायची. त्याच आठवड्यात तुला शास्त्राच्या शिकवणीला घालायचं ठरलं होतं आणि फी होती महिन्याला आठशे. दोन्ही झेपणारं नव्हतं. ह्यांनी दुसऱ्या चौकोनात खूण केली. मुदत किती वाढेल ते विचारा, असं मी म्हटलं. नको म्हणाले. आकडा ऐकला तर आपला हात सही करणार नाही, असं बाहेर आल्यावर सांगितलं. तुला कळू द्यायचं नाही, असंही बजावलं.

तेव्हापासून बँकेचं पत्र आलं की वाचायच्या आत कात्री लावतात. मला सगळं दिसत होतं. मीही बरणीच मोजत राहिले, म्हणजे मीही शहाणी नाही.

तू जिवाला लावून घेऊ नकोस. तू पाणी तपासतेस हे ते दुकानात येणाऱ्या प्रत्येकाला सांगतात, मापं घेताना सुद्धा.

तुझी,
काकू

८ ऑगस्ट

ती. काकांस,
सा. न. वि. वि.

काकूवर चिडू नका. तिनं सांगितलं ते योग्यच केलं. पत्र वाचून मी बराच वेळ रडले आणि मग तोंड धुऊन बँकेत गेले.

तुमच्या कर्जखात्यात आज पावणेतीन लाख भरलेत. खाते क्रमांक कॉलरीवरून घेतला. परवानगी मागितली असती तर तुम्ही दिली नसती, म्हणून मागितली नाही. आता शिल्लक एक लाख दहा हजारांच्या आसपास आहे. बँक तुम्हाला पत्र पाठवील. कात्री लांब ठेवून वाचा.

तिसऱ्या मजल्याच्या घराला नाही म्हणाले. पुन्हा साठवीन, आणि घेईन तेव्हा पंधरा वर्षांसाठी घेईन. टाकी काही पळून जात नाही.

चिडलात तरी चालेल, पण पत्र लिहून चिडा.
तुमची,
भिंगरी

२८ ऑगस्ट

चि. भिंगरीस,
अ. उ. आ.

आठ दिवस चिडलो होतो. काकूशी बोललो नाही, तिला त्याचा काही त्रास झालेला दिसला नाही. मग पत्र आलं. चष्मा लावून पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत वाचलं.

त्यात पुन्हा दोन चौकोन होते. पहिल्यात हप्ता कमी करायचा, दोन हजार तीनशे ऐंशी, अठ्ठावन्न महिने. खरं सांगतो, जीव त्याच्याकडेच धावला. एवढं तर मी नुसती बटणं लावूनही मिळवीन. दुसऱ्यात हप्ता तोच ठेवून मुदत कमी करायची. खिडकीतली तीच मुलगी होती. तिला विचारलं, एकूण किती ते दोन्हीकडचं सांगा. पहिल्यात एक लाख अडतीस हजार, दुसऱ्यात एक लाख सतरा. आणि दुसऱ्यात महिने किती? चौदा म्हणाली. घरी बरणीत चौदाच होती. मी दुसऱ्या चौकोनात खूण केली आणि तिच्याकडून प्रत मागून घेतली. कागद फार सुरेख आहे. तो भिंतीला लावलाय.

आता तुझ्या पैशांचं. वरची खोली, जिथं तू अभ्यास करायचीस, ती साडेपाच हजारांना भाड्यानं दिली. ते भाडं दर महिन्याला तुझ्याकडे येईल, पन्नास महिने, म्हणजे पावणेतीन लाख पुरे होतात. व्याज देणार नाही, त्या शब्दाशी माझी कट्टी आहे. नको म्हणालीस तर पंधरा इंची कॉलर तुझ्याकडेच अडकून पडलीय, ती घ्यायला स्वतः येईन आणि भांडेन.

चौदा महिने अर्ध्या दिवसाचं काम घेईन, कापायला शेजारचा कारागीर येतो. पंधराव्या महिन्यात दुकानाची फळी लावायला तू ये.

काकूनं सांगायला नको होतं, पण सांगितलं तर एक ऐक. तू आता मनात त्या सव्वादोन लाखांचा हिशेब मांडत बसशील, मी ओळखतो तुला. मांडू नकोस. ती वेळ पुन्हा आली तर मी पुन्हा त्याच चौकोनात खूण करीन. फक्त या वेळी, किती ते विचारून करीन.

तुझा,
काका